उजव्या खुर्चीची शिस्त

ह्यूस्टनमधल्या तालमीच्या, जमिनीवरच्या नकली यानात डाव्या खुर्चीवर कॅप्टन स्ट्राउड बसला होता. लढाऊ विमानांचा राजा. समोर काही दिसलं की नाक तिकडं वळवायचं आणि वेग वाढवायचा, एवढी एकच विद्या त्याला येत होती. माज मात्र चौदा विद्यांचा होता.

उजव्या खुर्चीवरच्या ओरिन पासेकचं नशीब या माजाला बांधलेलं होतं. आज पुढच्या यानाला गाठून दाखवलं तर दोघं अंतराळात जाणार, नाहीतर दोघंही घरी. चंद्रावर उतरून परत यायचं तर दोन यानांची अशी गाठ घालता यायलाच हवी, म्हणून या परीक्षेत कुणाची भीडभाड नव्हती.

पृथ्वीभोवती फिरताना पुढच्याला गाठायचं तर आधी वेग कमी करावा लागतो. मग यान खाली उतरतं, आतली जवळची वाट धरतं आणि पुढं सरकतं. स्ट्राउडला हे महिनाभर शिकवलं होतं. पालथ्या घड्यावर पाणी.

पडद्यावर पुढचं यान दिसलं. स्ट्राउडनं नाक रोखून वेग वाढवला. झालं, हे वर चढलं आणि ते खालून पुढं निसटलं. त्यानं आणखी वेग वाढवला, ते आणखी लांब गेलं. पासेकला चूक लख्ख दिसत होती. पण डावीकडचा हात चालू असताना उजवीकडच्यानं बोलायचं नाही, ही वैमानिकांची रीत. पासेक मिठाची गुळणी धरून बसला. हे दोघं नापास झाले तर त्यांच्या जागी जाणारी राखीव जोडी यानात शिरली की मासळीबाजारासारखी भांडायची. त्यांना तर तो मनातून हसायचा.

इंधन संपलं. बाहेर येऊन स्ट्राउड म्हणाला, "यंत्रच भंगार आहे." नाचता येईना, अंगण वाकडं.

परीक्षक हॅकनीनं त्याच्याकडं बघितलंसुद्धा नाही. तो पासेककडं वळला.

"तुला कळलं होतं ना?"

"पहिल्याच झटक्याला, सर."

"मग?"

"कॅप्टनचा हात चालू होता, सर."

"आणि चंद्रावर आपटतानाही असाच शिस्तीत बसला असतास?"

पासेकला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तोवर राखीव जोडी आत जाऊन बसली होती.

"अरे गाढवा, वेग कमी कर," उजवीकडून आवाज आला.

"करतोय की. बोंबलू नकोस."

पडद्यावरचं यान हळूहळू जवळ येऊ लागलं.