दीड दिवसाचं घर

सणाला येणाऱ्या सिनेमांची एक तऱ्हा असते. पाच गोष्टी घ्यायच्या, पाच घरं दाखवायची, कुणाचा कुणाशी काही संबंध नाही असं दीड तास भासवायचं, आणि शेवटच्या दहा मिनिटांत सगळ्यांना एकाच घाटावर नेऊन ढोलाच्या दणदणाटात एकमेकांच्या गळ्यात पाडायचं. बघणारा डोळे पुसत बाहेर येतो आणि गाडी काढताना शेजारच्याशी भांडतो. असाच एक सिनेमा पेणमध्ये चित्रित झाला होता. गणपतीच्या आधीच्या रविवारी तो गावातल्या सभागृहात फुकट दाखवणार होते, आणि त्यातली एक गोष्ट सुगंधाची होती.

झालं होतं असं. दोन वर्षांमागे उमामा नावाची सिनेमा लिहिणारी मुलगी पेणच्या रामवाडीतल्या कारखान्यात आली होती. कारखाना म्हणजे गणपतीच्या मूर्तींचा. सुगंधा तिथे वीस वर्षं मूर्तींचे डोळे रंगवत होती. उमामा मूळची रोह्याजवळच्या अष्टमी गावची, शिकायला मुंबईला गेलेली आणि तिथेच राहिलेली. घरोघरच्या गणपतीच्या गोष्टी गोळा करत ती पेण आणि रोहा पालथं घालत होती. "मावशी, तुमच्या घरचं काही सांगा ना," म्हणून ती स्टूल ओढून बसली, आणि सुगंधाने हातातला ब्रश खाली न ठेवता सांगितलं.

"आमचा गणपती सासूबाई होत्या तवर पाच दिवसांचा. त्या गेल्या आणि ह्यांनी दीड दिवसावर आणला. हे रोह्याला कंपनीत. आठवड्यातनं तीन दिवस तिथंच खोलीवर राहतात. कंपनीत ज्यांचे पाच दिवसांचे गणपती हायत, त्यांना सुट्टी नको का मिळायला? म्हणून आमचे हे दीड दिवसात देव पोचवतात नि त्यांच्या शिफ्टा करायला जातात. बारा वर्षं झाली. मी डबा भरून मोदक देते, शिफ्टवरल्या पोरांना."

उमामाने वही मिटून डोळ्यांना ओढणी लावली होती. तेव्हापासून सुगंधाचा आळीत भाव वाढला. खरं सांगायचं तर तिच्या नवऱ्याने, कमळाकरने, तिला फार काही दिलं नव्हतं. पत्र्याचं घर स्लॅबचं झालं नव्हतं, तीर्थयात्रा झाली नव्हती, गोड शब्दही सणासुदीलाच. पण आपला माणूस भला आहे, दुसऱ्यासाठी झिजणारा आहे, ही एवढी एक गोष्ट तिच्या पदरात होती आणि तिच्या जोरावर ती बाकीचं सगळं सोसत होती. आता ती गोष्ट पडद्यावर येणार म्हणजे तिच्यावर शिक्काच बसणार होता. कमळाकर मात्र यायला तयार नव्हता. सिनेमाबिनेमा आपल्याला जमत नाय, म्हणाला, आणि शिफ्टला गेला.

सुगंधा ठेवणीतलं पातळ नेसून, कॉलेजात जाणाऱ्या मृणालीला, आपल्या लेकीला घेऊन दुसऱ्या रांगेत जाऊन बसली. पहिल्या गोष्टीत एका टेम्पोवाल्याचा गणपती खांब गावाजवळ हायवेच्या खड्ड्यात अडकला. लोकांनी ओळखीचा खड्डा म्हणून शिट्ट्या मारल्या. मग एक आखातातून परतलेला भाऊ झाला, एक म्हातारा-म्हातारी झाली. चौथी गोष्ट सुगंधाची. पडद्यावरचा तिचा नवरा चांगला उंच, चष्मेवाला, आवाजात मध असलेला होता. "देव तर सगळ्यांच्याच घरी आलाय ना," असं म्हणून तो बॅग उचलून शिफ्टला निघाला तेव्हा सभागृहात टाळ्या पडल्या. मागच्या रांगेतल्या बायकांनी सुगंधाच्या पाठीवर थाप मारली. ती लाजली. अठ्ठेचाळिसाव्या वर्षी माणूस असं क्वचितच लाजतं.

पाचवी गोष्ट अष्टमीतल्या एका बाईची होती. चतुर्थीला ही बाई आणि तिची लहान मुलगी, दोघीच घरात. मूर्ती शेजाऱ्याने पाटावर बसवून दिलेली. दुपारी नैवेद्य दाखवून ती दाराशी बसते, कुंडलिका नदीच्या पुलाकडे बघते आणि विचारणाऱ्या प्रत्येकाला सांगते, "येतील, तिसऱ्या दिवशी येतील." सुगंधाला रडू आवरेना. ती मृणालीच्या कानात म्हणाली, "कसला गो हा पुरुष! सणाच्या दिवशी बायकोला एकटी टाकतो. मेल्याला काय जनाची नाय, मनाची नाय."

तिसऱ्या दिवशी तो पुरुष पडद्यावर आला. आडवा, मिशीवाला, दुसराच नट. त्याने पिशवीतून स्टीलचा डबा काढला. हळदीच्या पानांत मोदक होते. मुलीने एक उचलला, चावला आणि तोंड वेडंवाकडं करून थुंकला. आत खोबऱ्यात खडेमीठ होतं. "दर वर्षी एक खारा निघतोच," पडद्यावरची आई हसत म्हणाली, "पेणचे मोदक असेच असतात." सभागृह खो खो हसलं.

पेणचे मोदक असे नसतात. पेणमध्ये कुणाच्याच घरी असे नसतात. सुगंधाचं माहेर खाडीकाठचं, मिठागरावर राबणारं. एकवीस मोदकांत एक मिठाचा करायचा, ही तिच्या आज्याने लावलेली पद्धत. ज्या मिठावर आपण जगतो ते देवानेही चाखावं, असं तो म्हणायचा. भावकीतल्या लोकांनीही ती कधी उचलली नाही, उलट चेष्टा केली. माहेरी आता कुणी उरलं नव्हतं. जगाच्या पाठीवर खारा मोदक करणारी एक सुगंधाच होती, आणि हे तिने उमामाला सांगितलेलं नव्हतं. तिने फक्त शिफ्टचं आणि डब्याचं सांगितलं होतं.

"आई, आपला मोदक!" मृणाली आधी आनंदाने ओरडली. मग थोड्या वेळाने तिने आईचा हात धरला, आणि त्या धरण्यावरून सुगंधाला कळलं की पोरीलाही कळलं आहे.

शेवटी सगळे घाटावर आले. चष्मेवाला आणि मिशीवाला आरतीचं एकच तबक धरून शेजारी शेजारी उभे राहिले, एकमेकांकडे बघून हसले आणि "मोरया" म्हणाले. लिहिणाऱ्या पोरीला दोन गावांत दोन बायकांनी दोन गोष्टी सांगितल्या, तिने त्या दोन नटांना वाटून दिल्या. त्या दोघांचा मिळून एक माणूस होतो, हे त्या भरल्या सभागृहात फक्त दोघींना ठाऊक होतं. बाहेर पडताना बायकांनी सुगंधाला गराडा घातला. "नशीब काढलंस गो," एकजण म्हणाली. सुगंधाने मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी तिने कारखान्यातून उमामाला फोन लावला. सिनेमा आवडला म्हणाली. मग म्हणाली, "ती अष्टमीची बाई खरी हाय का गो?"

"खरी आहे ना मावशी! हौसाताई. माझ्या साबिरा खालाच्या, मावशीच्या, शेजारीच राहते. मिस्टर कंपनीत आहेत, सारखे ड्युटीवर. तो मोदक पण खरा हं, तिनेच सांगितला." उमामाच्या आवाजात उत्साह मावत नव्हता. पूल ओलांडला की कुठे वळायचं, घराचा रंग कोणता, सगळं तिने न विचारता सांगितलं. "तुम्ही दोघींनी एकदा भेटायलाच पाहिजे," ती म्हणाली.

नवऱ्याला घरात धरून विचारता आलं असतं. पण विचारलं असतं तर त्याने काहीतरी सांगितलं असतं, आणि तिने ते मानलं असतं. स्वतःची ही खोड तिला पुरती ठाऊक होती. शिवाय मनाच्या एका कोपऱ्यात अजून वाटत होतं की कंपनीतल्या कुणा पोराने डबा घरी नेला असेल, त्याच्या घरी मोदक खाल्ले असतील. माणसाची आशा किती चिवट असते!

चतुर्थीला कमळाकरने मूर्ती आणली, सोवळं नेसून पूजा केली. आरतीनंतर सुगंधा सहज बोलल्यासारखं म्हणाली, "यंदा पाच दिवस ठेवूया की देवाला."

"येड लागलं का? माझ्या नावावर चार शिफ्टा लावल्यात. त्या पोरांचा सण मी कसा खाऊ?" तो म्हणाला. "माणुसकी हाय का नाय?"

हे तो इतक्या सहज म्हणाला की एखाद्याला त्याचं कौतुकच वाटलं असतं. सुगंधाला बारा वर्षं वाटत आलं होतं. दुसऱ्या दिवशी विसर्जन झालं. तिने डबा भरून दिला, त्याने तो मोटरसायकलच्या हँडलला अडकवला आणि गेला. सासूबाईंच्या पाच दिवसांतले साडेतीन दिवस असे दर वर्षी हँडलला लटकून रोह्याला जात होते.

तिसऱ्या दिवशी सकाळी ती निघाली. मृणाली म्हणाली, "मी येऊ?"

"नको. तुझा बाप हाय तो," सुगंधा म्हणाली आणि नागोठण्यावरून जाणारी रोह्याची एसटी तिने धरली.

अष्टमीत रिक्षा सोडून ती पोपटी रंगाच्या घरासमोर उभी राहिली. उंबऱ्याबाहेर चपला होत्या. त्यांतल्या एका जोडीचा अंगठा तिनेच पेणच्या चांभाराकडून शिवून आणला होता. आशा तिथे संपली. आत जायला मात्र कुणाची परवानगी लागणार नव्हती. गणपतीच्या दिवसांत कुणीही कुणाच्याही घरात दर्शनाला शिरावं, आत या म्हणणारे असतातच.

"या गो, आत या," ओल्या हाताने पदर सावरत एक बाई बाहेर आली. चाळिशीच्या आतली, सावळी, हसऱ्या डोळ्यांची. गळ्यात मंगळसूत्र होतं. "कुठनं आलात?"

"पेणहून."

हौसा थबकली. तिने सुगंधाकडे नीट निरखून बघितलं आणि तिचा चेहरा उजळला. "पेणहून? अगो बाई! तुम्ही वन्सं का? मोदकवाल्या वन्सं?"

वन्सं म्हणजे नवऱ्याची बहीण. सुगंधाला त्या शब्दाचा अर्थ क्षणभर लागेनाच. तेवढ्यात आतल्या खोलीतून आठ-नऊ वर्षांच्या मुलीचा हात धरून कमळाकर बाहेर आला. त्याने तिला पाहिलं. अंगातलं रक्त गेल्यासारखा तो एकदा पांढरा झाला, एकदाच, आणि लगेच सावरून म्हणाला, "ताई? तू कशी गो अचानक? बस ना, बस."

त्याचा आवाज कापला नाही. दुसऱ्या बाईपेक्षा, त्या पोरीपेक्षाही सुगंधाला तेच जास्त लागलं. वीस वर्षं जिला नवऱ्याने नावाने हाक मारली नव्हती, तिला त्याने आज पहिल्यांदा नातं लावून हाक मारली, आणि तीही 'ताई' अशी.

हौसाला काय करू नि काय नको असं झालं होतं. तिने पाट मांडला, वाकून सुगंधाच्या पायांना हात लावला, मुलीला पुढे ढकलून "आत्याच्या पाया पड" म्हणाली. कुंकवाची कोयरी घेऊन ती सुगंधाच्या कपाळाला कुंकू लावू लागली आणि तोंडाचा पट्टा चालूच होता. "कितीदा म्हटलं यांना, वन्संना आणा एकदा, वन्संना आणा. दर वर्षी एवढे मोदक पाठवतात, नि आपण तोंड पण पाहिलं नाय. तर म्हणतात, तिचा नवरा लय वाईट. घरातनं पाऊल टाकू देत नाय तिला. खरं का हो वन्सं?"

"खरं हाय," सुगंधा म्हणाली. "लय वाईट हाय नवरा माझा."

"आज कसं काय सोडलं मग?"

"सोडलं नाय. तो काय, तो उभा हाय. तुझ्या पोरीचा हात धरून."

हौसा हसली. बहीणभावांची काहीतरी थट्टा असेल असं तिला वाटलं. मग तिने मागे वळून कमळाकरकडे बघितलं. कमळाकरने "नाय" म्हणायला हवं होतं.  त्याने पोरीचा हात सोडला आणि उंबऱ्याबाहेर जाऊन तो चपला पायांत सरकवू लागला.

"मग मी कोण गो?" हौसाने विचारलं. त्याला नाही, सुगंधाला.

या प्रश्नाचं उत्तर सुगंधा बरोबर घेऊनच आली होती. अशा बाईला गावात एकच शब्द आहे. आठ दिवस ती तो मनात घोळवत होती, एसटीत खिडकीशी बसून तिने तो दोनदा हळूच म्हणूनही पाहिला होता. आता तो जिभेवर आला आणि तिथेच अडकला, कारण हौसाच्या बोटावरचं कुंकू अजून ओलं होतं आणि ती खरोखरच उत्तराची वाट बघत होती. बाहेर मोटरसायकल सुरू झाली आणि पुलाच्या दिशेने गेली.

"बस गो खाली," सुगंधा म्हणाली, आणि तिच्या शेजारी स्वतःही बसली.