गोकुळाबाईचा रकाना

सत्तावन्न सालच्या माघात चामोर्शीला विकास गटाचं प्रदर्शन भरलं, त्यात कलास्पर्धा ठेवल्या आणि माझ्या डोक्याला नसता ताप झाला. मी मूळचा वरोऱ्याचा. चामोर्शीपासून तीन कोसांवर, एका तळ्याकाठच्या गावात, चौथीपर्यंतची शाळा चालवत होतो. गावात अर्ज लिहू शकणारा मी एकटाच, त्यामुळे ज्याला सरकारकडून काही हवं असे तो माझ्या ओट्यावर येऊन बसे. कोणाला विहीर हवी, कोणाला बी-बियाणं. गोकुळाबाईला मात्र भलतंच हवं होतं.

"मास्तर," ती म्हणाली, "पाळीवर माह्यं जे चालते ना, त्याले एक नाव देऊन द्या जी. चांगलं. छापील."

पाळीवर, म्हणजे तळ्याच्या बांधावर, तिचं काय चाले ते सांगणंच कठीण आहे, पण प्रयत्न करतो. गाव निम्मं ढिवरांचं, मासे धरणाऱ्यांचं. वैशाखात तळ्याचं पाणी उतरलं की सगळं गाव मिळून मोठं जाळं ओढी. तीस माणसं या दोराला, तीस त्या. गोकुळाबाई पाळीवर कंबरेवर हात ठेवून उभी राही आणि तिच्या तोंडातून ते सुरू होई. त्यात गाणं असे, शिव्या असत, कोणाची कोंबडी कोणाच्या हंडीत शिजली त्याची चौकशी असे, हे तळं कोणाच्या आज्यानं खणलं त्याची हकिकत असे. मधेच ती तीन वर्षांपूर्वी याच तळ्यात बुडालेल्या वारलूला हाक मारी. "वारलू, तुया दोर तसाच हाय रे बापा, कोणी धरला नाई," म्हणे, आणि दोर ओढणारे बाप्ये ढसाढसा रडत. डोळे पुसायच्या आत ती दोराला लागलेल्या लटारूवर घसरे:

"लटारूची बायको गेली माहेरी,
लटारू रांधते घरी,
सारा गाव धावला घेऊन पान्याच्या घागरी!"

ज्याचं नाव निघेल त्यानं "ओढतो बाई!" म्हणून ओरडायचं आणि दुप्पट जोरानं ओढायचं, अशी रीत. जाळं काठाला लागलं की ती थांबे, मग वाक्य अर्धं असो की शिवी. गावात याला कोणी काही म्हणत नसे. "चालू झालं," म्हणत, एवढंच.

आता नावाची गरज का पडली, तर रंभापायी. रंभा ही गोकुळाबाईची एकुलती एक लेक, चामोर्शीला दिलेली, सातवा महिना लागलेली. पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं. पण तिची सासू वच्छलाबाई पाठवायला तयार नव्हती. झालं होतं असं, की गेल्या वैशाखात विहीणबाई जाळं पाहायला पाहुणी आली, सगळं ऐकलं आणि जाताना तोंड फुगवून गेली. तेव्हापासून तिचा एकच निरोप: त्या घरी माझी सून जाणार नाही. शिव्या ऐकून बाई बिघडली, हे कोणीही सांगितलं असतं. मीही सांगितलं.

"म्हणून म्हनतो मास्तर," गोकुळाबाईचा नवरा इस्तारी म्हणाला, "सरकारी कागदावर नाव आलं, का इहीणबाईले दाखवता येते. हे पाहा, बोंबलणं नोहे, हे अमुक हाय."

नाव नाहीच मिळालं तर रंभासाठी ही बाई पाळीवर उभं राहणंसुद्धा सोडायला निघाली होती. मला वाईट वाटलं. मी म्हटलं, देतो नाव. नाव द्यायला काय लागतं?

काय लागतं ते चामोर्शीला स्पर्धेची नोंद करायला गेलो तेव्हा बाबुलालच्या टेबलापाशी कळलं. बाबुलाल विकास गटाचा कारकून. जिल्हा नुकताच मध्यप्रदेशातून मुंबई राज्यात गेला होता, पण फॉर्म जुनेच होते. तो प्रत्येक फॉर्मवरचं 'मध्यप्रदेश' पट्टी ठेवून खोडत बसला होता.

"रकाने चार," तो मान वर न करता म्हणाला. "भजन, नाटक, पोवाडा, नकला. बोला."

"नाटक," मी म्हटलं.

"पात्रं किती?"

"साठ. सगळी दोराला."

त्यानं मान वर केली. "किती वेळ?"

"जाळं काठाला लागेपर्यंत."

"मास्तर, मिनटं लिहा लागते. भजन लिहू का?"

"देवाचं नाव येतं, पण शिवीच्या आधी."

"नकला?"

"ती कोणाची नक्कल करत नाही. लोकच नंतर तिची करतात."

"मंग 'इतर'मधी टाकून देतो. पोत्याची शर्यत हाय त्यात, अन् मोठ्या भोपळ्याचं बक्षीस. पन 'इतर'ले सर्टिफिकेट नाई, फावडा भेटते."

फावडं दाखवून विहीण विरघळण्यातली नव्हती. मी छातीवर हात ठेवून सांगितलं, "पोवाडा लिहा."

आणि मग मी जे केलं त्याची मला आजही लाज वाटते. मी पोवाडा लिहिला. स्वतः, तीन दुपारी बसून. 'ऐका तळ्याची थोरवी, ऐका शांत चित्ताने.' शिव्या काढल्या, कोंबड्या काढल्या, लटारू काढला. वारलूलाही काढला, कारण पोवाड्यात वीर बुडून मेलेला बरा दिसत नाही. गोकुळाबाईनं तो पाठ केला, शाळेतली पोरं पाढे पाठ करतात तसा, आणि संपल्यावर मला विचारलं, "यात कोनाले बोलाचं?"

"कोणालाच नाही."

"मंग ओढीन कोन?"

मी म्हटलं, स्पर्धेत ओढायचं नसतं. तिनं हे विचारलं तेव्हाच मी शहाणं व्हायला हवं होतं, पण मास्तरकीत ती सोय नाही.

स्पर्धा भर दुपारी, बाजाराच्या मैदानात होती. सगळं चामोर्शी लोटलं होतं, आमचं गाव तर झाडून आलेलं. समोर खुर्चीवर नागपूरहून आलेले परीक्षक, अंगात काळा कोट, मांडीवर वही. दुसऱ्या बाजूला बायकांत वच्छलाबाई, पदर घट्ट आवळून. शेजारी रंभा, पोटावर हात ठेवून. मी मनात म्हटलं, आता फक्त पाच मिनिटं नीट जाऊ दे.

गोकुळाबाई मंचावर उभी राहिली. "ऐका तळ्याची थोरवी," म्हणाली, आणि अडकली. पुन्हा म्हणाली. पुन्हा अडकली. मी खालून ओळ पुरवली, तशी तिनं माझ्याकडे अशा दयेनं पाहिलं, जणू मीच विसरलोय. लोकांत हशा सुरू झाला. बाबुलालनं घड्याळ काढलं. रंभाचं माहेर माझ्याच शहाणपणापायी बुडत होतं.

"अवो," ती अखेर नवऱ्यावर ओरडली, "जाळं कुठी हाय?"

जाळं होतं. परतताना वाटेतल्या नाल्यात टाकीन म्हणून इस्तारीनं ते बैलबंडीत घालून आणलं होतं. लटारूनं आणि आमच्याच गावच्या नथ्थूनं ते मैदानभर पसरलं. आमच्या गावानं सवयीनं दोर धरले, आणि जागा अपुरी पडल्यामुळे चामोर्शीकरांनीही धरले. परीक्षकांची खुर्ची जाळ्याच्या मधोमध राहिली, हे कोणाच्या लक्षात आलं नाही.

आणि चालू झालं.

लटारूची घागर आली, नथ्थूचं घोरणं आलं, माझंही नाव आलं. माझ्या पोवाड्याबद्दल ती जे बोलली ते मी इथे लिहिणार नाही, पण मी "ओढतो बाई!" म्हटलं आणि ओढलं. बाबुलालचंही आलं. "कोटवाल्या साहेबा, तुया कोटाले माघात घाम, अन् आमच्या तळ्याले वैशाखात पानी नाई!" म्हणताच परीक्षक खुर्चीवरून उठून, वही काखेत मारून, "ओढतो बाई!" म्हणाले आणि स्वतःच ज्यात सापडले होते ते जाळं ओढू लागले. मग वारलूची हाक आली. ज्यांनी वारलूला कधी पाहिलं नव्हतं त्या चामोर्शीकरांनीही नाकं ओढली.

मी विहीणबाईकडे पाहिलं. ती बायकांतून पुढे येऊन दोराला लागली होती. गोकुळाबाईनं तिच्या उजवीकडच्या बाईचं नाव घेतलं, डावीकडचीचं घेतलं, आणि नेमकं तिला वगळून पुढे गेली. जाळं मंचापासून चार हातांवर आलं होतं. वच्छलाबाईनं धाडकन दोर खाली टाकला.

"थांब वो गोकुळाबाई!" ती कडाडली. "मी काय मेली हावो का?"

दोर सैल पडले. परीक्षक खुर्चीवर बसले.

"मागच्या बारीबी असंच केलं! दोर धरून हात सोलले माहे. साऱ्या गावाचं नाव घेतलं. इस्तारीभाऊच्या कुत्र्याचं घेतलं! माह्यं काऊन नाई? मी काय परकी हावो? परकीच्या घरी काऊन धाडू सुनेले?"

"इहीणबाई हाय ना तुमी," गोकुळाबाई म्हणाली. "मान ठेवला जी."

"मान टाका चुलीत!"

इतके दिवस आम्ही शिव्यांना नाव शोधत होतो, आणि त्या बाईला एक शिवी कमी पडली होती. मला हसू आलं आणि स्वतःचा रागही आला.

गोकुळाबाईनं पदर खोचला. विहिणीच्या डोळ्याला डोळा दिला.

"वच्छला वो वच्छला, नाकानंच चाखते मीठ,
नाकानंच चाखते तेल,
शिंकली चामोर्शीत तं आलापल्लीचा साग हालेल!"

वच्छलाबाईनं दोर उचलला. "ओढतो बाई!" ती अशी ओरडली की मैदानातले बैल दचकले, आणि मग तिनं जे ओढलं, त्या एका हिसक्यात जाळं, खुर्ची, परीक्षक आणि भजन मंडळींची पेटी, सगळं मंचाला येऊन लागलं. गोकुळाबाई अर्ध्या शब्दावर थांबली.

बाबुलाल पेन घेऊन परीक्षकांपाशी गेला. ते कोट झटकत होते. "पोवाडा नव्हे," ते म्हणाले. "नाटक म्हणावं तर बघायला कोणी उरलंच नाही, सगळे आतच. भजन म्हणावं तर मला बोलणी बसली." त्यांनी वहीत काहीतरी लिहिलं, खोडलं, पुन्हा लिहिलं आणि शेवटी पान फाडून खिशात घातलं. सर्टिफिकेट भजन मंडळींना मिळालं. पेटीची एक पट्टी मोडली होती, तेव्हा ते योग्यच झालं.

मी गोकुळाबाईला सांगायला गेलो, की नाव काही मिळालं नाही. तिचं माझ्याकडे लक्षच नव्हतं. ती रंभाला धरून उभी होती. वच्छलाबाई घरी जाऊन सुनेचं गाठोडं घेऊन आली. ते तिनं इस्तारीच्या बंडीत नीट टेकवून ठेवलं, सुनेला हात देऊन वर चढवलं आणि मग विहिणीकडे वळली.

"पोट्टं झालं का सांगावा धाडा, मी येतो," ती म्हणाली. "अन् जाळं काढून ठेवा. आज नुसतं नाकावर झालं, माह्या चालीवर बोलाचं राह्यलं."