गादी झोडपणारी बाई

नियम दिराचाच होता. चित्रण त्याने करायचं, आवाज त्याच्या दादाने गोळा करायचे, आणि कुठल्या चित्राखाली कुठला आवाज जाणार ते चिठ्ठी ठरवणार. वहिनीने संकलनाच्या टेबलावर दोन्हींची सुरुवात तेवढी जुळवायची. पुढे बोट लावायचं नाही. लघुपट योगायोगावर, तर तो योगायोगानेच घडला पाहिजे, हा त्याचा हेका. या खुळापायी त्याने चांगली नोकरी सोडली होती आणि जेवताना रोज टोमणे खाल्ले होते.

शेवटची चिठ्ठी उघडली. चित्रात समोरच्या इमारतीच्या गच्चीवर एक अनोळखी बाई कठड्यावर गादी टाकून काठीने झोडपत होती. आवाज दादाने आदल्या वर्षी दुसऱ्याच गावी, पत्र्याच्या कारखान्यात घेतलेला.

वहिनीने कळ दाबली. काठी गादीवर पडली आणि त्याच क्षणी हातोडा पत्र्यावर. पुन्हा तसंच. बाई मध्येच घाम पुसायला थांबली, तर हातोडाही थांबला. शेवटी तिने काठी कठड्याला टेकवली. ठोके बंद. कारखान्यातलं कुणीतरी म्हणालं, "पुरे आता, खाली ये."

बाईने वाकून खाली पाहिलं आणि ती निघून गेली.

वहिनीच्या अंगावर काटा आला. दिराचा चेहरा मात्र उतरला.

"मेलो," तो म्हणाला. "हे कोण खरं मानणार? बाकीची फिल्मही खोटी ठरेल. वहिनी, आवाज जरासा मागे सरकव."

"म्हणजे योगायोग वाटावा म्हणून जमवायचं?"

आवाज जुळवण्यात तिची उमर गेली होती; इतका चपखल एकही बसला नव्हता.

"सरकवते," ती म्हणाली. "पण आधी एकदा नीट बघून घ्या, भावोजी. मग हे पुन्हा कुणालाच दिसायचं नाही."

त्याने पाहिलं. 'खाली ये' आलं तेव्हा तो नकळत खुर्चीतून उठून उभा राहिला.

"राहू दे," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी खेळ झाला आणि व्हायचं तेच झालं. एका गृहस्थांनी बाईंकडून किती तालमी करून घेतल्या ते विचारलं. दिराने चिठ्ठ्यांचं सांगितलं, तर त्यांनी हसून त्याची पाठ थोपटली. त्याने वाद घातला नाही.

परतताना तिघंही त्या इमारतीखाली थांबली. कुणी कुणाला थांब म्हटलं नव्हतं. गच्चीवर कुणी नव्हतं. काठी कठड्याला तशीच टेकलेली होती.