पल्याडचे नऊ वार

किसन ओव्हाळ पिंपरीतल्या एका फाउंड्रीत साचे बनवायचा. त्याची बायको सोजर औषधाच्या कारखान्यात बाटल्या खोक्यांत भरायची. त्याची सुट्टी गुरुवारी, तिची रविवारी. त्यात दोघांच्या पाळ्या फिरत्या. लग्नाला तीन वर्षं झाली तरी नवराबायकोची गाठ पडायची ती बहुतेक दारातच. एक चपला काढतोय आणि दुसरी घालतेय.

१९७१च्या मे महिन्यात एकदा दोन्ही कारखान्यांची वीज गेली आणि दोघं भर दुपारी घरी सापडले. पवनेच्या काठी जाऊन बसले. पलीकडच्या काठाकडे बोट करून किसन म्हणाला, "पल्याड एक देश हाय, सोजर. तिथं भोंगा न्हाई."

"मग माणसं कामाला उठत्यात कशी?"

"चंद्र बघून. दोन हायेत तिथं. धाकटा नऊ दिवसांत उगवून मावळतो, म्हणून आठवडा नऊ वारांचा."

"नऊ वारांचा, आन् आठवडा कसा हो? नवडा म्हणा."

किसन इतका हसला की पाण्यावरची बगळ्यांची जोडी उडाली.

त्या दिवशी त्यांनी कॅलेंडर मांडायला घेतलं, ते पुढं महिनाभर चाललं. वारांची नावं सोजरने ठेवली. पहिला मीठवार, दुसरा सुईवार, असं करत आठवा चिंचवार. नवव्याला नावच ठेवायचं नाही असं ठरलं, तो बिनवार. त्या दिवशी पल्याड कुणी कामाला जात नाही आणि नवराबायको एका ताटात जेवतात. थोरल्या चंद्राचा महिना पाच नवड्यांचा. असे आठ महिने, कोंबमहिन्यापासून राखमहिन्यापर्यंत. किसन सातवी शिकलेला. त्याने हे सगळं एका जाड वहीत वळणदार अक्षरात उतरवलं. मग दारामागच्या पाटीवर निरोप सुरू झाले. 'आज सुईवार. भाकरी फडक्यात हाय.' प्रत्यक्ष भेट होत नव्हती, पण वार दोघांचा एकच असायचा.

१९७६च्या जानेवारीत फाउंड्रीतल्या क्रेनची साखळी तुटली. साखळी झिजल्याचं कामगारांनी दोनदा सांगितलं होतं. तिला लटकलेल्या साच्याच्या लोखंडी पेटीचा कोपरा किसनच्या डोक्याला लागला. पुण्याच्या दवाखान्यात तो सहा दिवस बेशुद्ध होता. जागा झाला तेव्हा त्याने सोजरला ओळखलं आणि पहिलं विचारलं, "किती दिवस गेले?"

"सहा."

त्याने बोटांवर मोजलं आणि डोळे मिटले. सोजरला वाटलं, माणूस परत आला.

मार्चमध्ये कंपनीच्या डॉक्टरांनी तपासणीला बोलावलं. शेजारी एक अधिकारी कागद घेऊन बसला होता. डॉक्टरांनी विचारलं, "आज वार कोणता?"

"चिंचवार," किसन म्हणाला.

"महिना?"

"राखमहिना. सतरावा दिवस. उद्या बिनवार."

अधिकारी हसला. सोजरने पदराआड बोटांवर मोजून पाहिलं. बरोबर होतं. "साहेब, बरोबर हाय त्यांचं," ती म्हणाली. "आमचं घरातलं कॅलेंडर हाय ते. एका दिवसाची चूक न्हाई."

डॉक्टरांचा आवाज मऊ झाला. "बाई, आज मंगळवार आहे. तेवढं त्यांना सांगता आलं तर बघू."

"म्हणा, मंगळवार," सोजर म्हणाली.

"मंगळवार," किसन म्हणाला. मग त्याने तिच्याकडे पाहिलं. "म्हंजे चिंचवारच ना गं?"

अधिकाऱ्याने कागदावर लिहिलं, कामास अपात्र. वर्षाने पुन्हा तपासणी होईल, तोवर घरी.

हे आपल्यामुळंच झालं, असं सोजरने मनाशी धरलं. वारांची नावं तिनेच ठेवली होती. तिने वही पेटीच्या तळाशी घातली, पाटी फोडली. रोज सकाळी किसनला समोर बसवून सोमवारपासून घोकून घ्यायला लागली. तो सुईवार म्हणाला की ती त्याच्या हातावर चापट मारायची. शेजारच्या शालनबाई एकदा म्हणाल्या, "अगं, राहू दे की त्याला त्याचं."

"राहू देऊन कसं चालंल? वर्सानं पुन्हा इचारतील."

एक दिवस किसन पवनेकडं निघाला तेव्हा तिने त्याला दंडाला धरून मागं ओढलं. "पल्याड पिंपळे सौदागरची शेतं हायेत. ज्वारी हाय. दुसरं काय न्हाई तिथं. ऐकलं का?"

"ऐकलं," तो म्हणाला. त्यानंतर त्याच्या तोंडून पल्याडचा वार आला नाही. सोजरला वाटलं, गुण येतोय.

वर्षाने त्याच खोलीत त्याच डॉक्टरांनी विचारलं, "आज वार कोणता?"

किसनने सोजरकडे पाहिलं. सोजरचे ओठ हलले. किसन म्हणाला, "ठावं न्हाई, साहेब."

त्याला कायमचं कमी केलं.

घरी आल्यावर सोजरने पेटी उपसली. वही काढून त्याच्या मांडीवर ठेवली. "वाचा. आज सुईवार हाय. म्हणा की, सुईवार."

किसनने पानं उलटली. एका पानावर बोट फिरवलं. "कुणी लिवलंय हे? अक्षर चांगलं हाय," तो म्हणाला आणि वही तिला परत दिली.

ती त्या दिवशी कामाला गेली नाही. दुसऱ्या दिवशी गेली, कारण घरात दुसरं कमावणारं कुणी नव्हतं. रोज जाताना शालनबाईंना त्याच्याकडं बघायला सांगायची. तो दिवसभर उंबऱ्यात बसायचा, येणाऱ्याजाणाऱ्याला जय भीम घालायचा. आधी ओळखून, मग नुसताच.

त्यानंतरच्या दुसऱ्या पावसाळ्यात एकदा ती पहिली पाळी करून आली, तर किसन लगबगीने उठला, बाजेवरची गोधडी सारखी केली आणि बाजूला सरला.

"या, बसा," तो म्हणाला. "आमची घरातली कामाला गेलीय. येईल इतक्यात."

सोजर बसली. त्याने माठातलं पाणी आणून दिलं, ते ती प्याली. मग दोघंही दाराकडं बघत राहिले.