वादी क्रमांक दोन

काकूंनी बांधाच्या फटीत पोतं कोंबलं तेव्हा सकाळचे सात वाजून दहा मिनिटं झाली होती. मला वेळ नक्की माहीत आहे, कारण मी ती लगेच वहीत लिहिली. ही माझी जुनी खोड. तिने पुढे भर कोर्टात माझी शोभा केली.

"काढा ते पोतं," मी माझ्या शेतातून ओरडले.

"काढते ना. माझे कांदे पोहायला शिकले की काढते."

"इथे माझा घेवडा नाकापर्यंत बुडालाय, काकू!"

"घेवड्याला नाक असतं? बाई गं, कॉलेजात काय काय शिकवतात!"

काकू म्हणजे माझ्या नवऱ्याची चुलती. ओढ्याकाठी वर माझं शेत, खाली त्यांचं. मध्ये वीटभट्टीवाल्याने आपल्या गाड्या जाव्यात म्हणून ओढ्यावर आडवा मातीचा बांध घातला. उन्हाळ्यात त्यांची विहीर आटली, पावसाळ्यात माझं शेत तुंबलं. बांधाच्या तळाशी एक फट तेवढी राहिली होती. ती मोठी केली की माझं पाणी उतरायचं आणि काकूंच्या वाफ्यांत घुसायचं. बुजवली की उलट.

आणि गंमत अशी, की भट्टीवाल्याविरुद्धच्या दाव्यात आम्ही दोघी एकाच बाजूला होतो. मी वादी क्रमांक एक, काकू वादी क्रमांक दोन. उन्हाळ्यात दावा लावला तेव्हा वकिलांनी विचारलं होतं, "तुमचं आपसात काही नाही ना?" आम्ही एका सुरात "छे छे" म्हणालो. मी तर वर ऐकवलं, "आमचं हित एकच आहे." कॉलेजच्या माती तपासायच्या प्रयोगशाळेत अकरा वर्षं काढलेल्या बाईने एकाच ऋतूतल्या निरीक्षणावरून निष्कर्ष काढू नये. मी काढला.

नवरा शहरात नोकरीला. फोनवर म्हणायचा, "यंदा पीक गेलं तर देऊन टाकू. भट्टीवाला मागतोयच ना." भट्टीवाल्याला शेत नको होतं, माती हवी होती. माझ्या शेताची चांगली चिकण माती आहे. ती मीच तपासली होती आणि हौसेने गावभर सांगितलीही होती. तीन वर्षं शेणखत घालून कसलेली जमीन विटा होऊन कुणाच्या तरी भिंतीत जाणार, या विचाराने मला घास गिळवत नसे.

म्हणून वकिलांनी पुरावा मागितला तेव्हा मी वही दिली. एकशे बारा दिवसांची पाणीपातळी, सकाळ-संध्याकाळ, मिलिमीटरपर्यंत. शेवटी शेऱ्याचा रकाना. वकिलांनी वही चाळली, "वा, वा" म्हणाले आणि तिची नक्कल दाखल केली. शेरे त्यांनी वाचले नव्हते. भट्टीवाल्याच्या वकिलाने मात्र वाचले. मोठ्याने, सावकाश, चष्मा पुसत.

"'आज काकूंनी फट बुजवली. पातळी सेहेचाळीस मिलिमीटरने वाढली.' ही काकू म्हणजे वादी क्रमांक दोन?"

"हो," मी म्हणाले.

"आणि हे पाहा, साहेब. 'आज मी पहारीने फट मोठी केली. काकूंचे दोन वाफे वाहून गेले.' हे अक्षर आपलंच?"

"माझंच."

"तूच होतीस!" मागच्या बाकावरून काकू ओरडल्या. "आणि मी उंदरांना शिव्या घालत बसले!"

कोर्ट हसलं. न्यायाधीशबाईही हसल्या, पण लगेच गंभीर झाल्या. "एकीला बांध पाडून हवा, दुसरीला पडायला नको. एका अर्जात दोन उलट मागण्या कशा चालतील? एक तर मागणी एक करा, नाहीतर एकीने वादी राहा आणि दुसरीला प्रतिवादी करा."

बाहेर व्हरांड्यात आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. "वही देण्याआधी ते शेरे गाळायचे नाहीत का?"

"नोंदी गाळत नाहीत," मी म्हणाले. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं मी पूर्वी विद्यार्थ्यांकडे पाहायची.

"मला आता एकीचंच काम करता येईल. कोण राहतंय?"

"हिला ठेवा," काकू म्हणाल्या. "हिचं शेत जाईल. माझे कांदेच जातील." मग माझ्याकडे न बघता, "पहार कुठली होती गं?"

"तुमचीच."

"तरी म्हटलं, टोक बोथट कसं झालं."

अशा रीतीने काकू प्रतिवादी क्रमांक दोन झाल्या. पुढच्या तारखेला आम्ही एकाच रिक्षाने गेलो, एकाच डब्यातलं जेवलो आणि आत जाऊन समोरासमोर बसलो. काकूंना भट्टीवाल्याच्या बाकावर जागा मिळाली. त्यांनी मध्ये छत्री आडवी ठेवली.

भट्टीवाला खुशीत होता. त्याच्या वकिलाने काकूंना मधासारख्या आवाजात विचारलं, "मावशी, बांध राहिला तर तुमचं पीक वाचतं, खरं ना?"

"खरं."

"म्हणजे बांध राहावा?"

"राहू दे की." काकूंनी भट्टीवाल्याकडे बोट दाखवलं. "पण वकीलसाहेब, एक सांगू का? आत्ता या बाकावर हा तुमच्या कानाशी म्हणाला, अजून एक पावसाळा तुंबू दे, ती आपणहून विकते. मला बहिरी समजला. मी फक्त म्हातारी आहे."

भट्टीवाला उठून उभा राहिला, बसला, परत उठला.

"मी यांच्या बाजूची आहे, म्हणून यांचंच सांगितलं," काकू म्हणाल्या. "बांध ठेवा. तळाशी तोंड पाडा, त्याला वरखाली होणारी लोखंडी झडप बसवा. किल्ली आम्हा दोघींकडे, भट्टीवाल्याकडे नाही. माझी विहीर भरेल, हिचं शेत उतरेल."

न्यायाधीशबाईंनी मला विचारलं, "वादीला हे मान्य आहे?"

एकशे बारा दिवस मी पाणी मोजलं होतं. झडप मला एकदाही सुचली नव्हती. "मान्य आहे," मी म्हणाले.

"तोंड किती उंच लागेल?"

हा माझा प्रश्न होता. मी वही उघडली, ओढ्याचा उतार, पाण्याचा वेग, पावसाची सरासरी... पान सापडेपर्यंत काकूंनी हात पुढे केला आणि कोपरापासून बोटांच्या टोकापर्यंत दाखवला. "एवढं."

भट्टीवाल्याच्या वकिलाने अशिलाकडे पाहिलं आणि हरकत नसल्याचं सांगितलं. पंधरा दिवसांत झडप बसवून द्यायचा अंतरिम हुकूम झाला. अंतिम निकाल अजून लागायचा आहे. कागदोपत्री आम्ही अजून एकमेकींच्या विरुद्ध आहोत आणि तारखेला एकाच रिक्षाने जातो.

घेवडा अर्धा वाचला. शेत पूर्ण.

माझ्या हिशोबाने तोंडाची उंची साडेत्रेचाळीस सेंटिमीटर येत होती. घरी आल्यावर मी पट्टी आणली आणि काकूंचा हात मोजला.

"किती भरला?"

"चव्वेचाळीस."

"मग बरोबर कोण?"

त्या दिवसाचा शेऱ्याचा रकाना मी कोरा ठेवला आहे.