पेवातल्या देवाच्या आठ भाकरी

निजामाच्या काळात सावरवाडीत चावडीवर झेंडा किती जणांनी लावला, याची मोजदाद संघपाल गुरुजींनी केली, तेव्हा आकडा त्रेचाळीसवर गेला. मराठवाडा मुक्त होऊन पंचाहत्तर वर्षं होत होती. त्या निमित्तानं ग्रामपंचायतीनं शाळेपुढं शिळा बसवायचं ठरवलं. तिच्यावर लढ्यातल्या गावकऱ्यांची नावं कोरायची होती, आणि ती गोळा करायचं काम निवृत्त गुरुजींच्या गळ्यात पडलं होतं. एका काठीला त्रेचाळीस आजोबा लोंबकळत होते. त्यातले सात तर तेव्हा जन्मलेलेही नव्हते. गुरुजींनी कुणाला खोटं म्हटलं नाही. त्यांनी फक्त एक नियम काढला: नाव कुणाचंही द्या, साक्षीदार घराबाहेरचा पाहिजे. तिसऱ्या दिवशी काठीला चारच आजोबा उरले.

गळालेल्या एकोणचाळिसांत पंचाक्षरी अप्पांचे आजोबा, अमरनाथ अप्पा, होते.

पंचाक्षरी अप्पांचं अहमदपूर रस्त्याला किराणा दुकान होतं. लेक शिवानी उदगीरला दिलेली. तिचे सासरे भीमाशंकर यांच्या वडिलांचं नाव तिथल्या गल्लीतल्या स्वातंत्र्यसैनिकांच्या फलकावर होतं, आणि चहा येण्याआधी तो फलक तोंडपाठ म्हणायची त्यांना सवय होती. लग्नाला सोळा वर्षं झाली. अप्पांच्या अंदाजानं त्यांनी तो शंभर वेळा तरी ऐकला असेल. म्हणून शिळेची बातमी कळताच अप्पांनी उदगीरला फोन लावून व्याह्यांना सतरा सप्टेंबरचं आवतण दिलं, आणि आजोबांचं नाव पहिल्या ओळीत असल्याचंही सांगून टाकलं. साक्षीदाराचा नियम त्यानंतर निघाला.

तसा अप्पांचा माणूस म्हणून जमाखर्च चांगल्याकडंच झुकणारा. सकाळी लिंगपूजा चुकायची नाही, मापात खोट निघायची नाही, आणि दर भाद्रपदात परसातल्या पेवातल्या देवाला नैवेद्य चुकायचा नाही. पेव म्हणजे धान्य साठवायचा जमिनीतला खड्डा. तो कधीचा मोकळा पडला होता. आजी उमादेवीनं घालून दिलेला रिवाज असा: आठ भाकरी, कांदा आणि सुका ठेचा फडक्यात बांधून दोरीनं पेवात सोडायचा. भाकरी आपल्या चुलीवरची चालायची नाही, दुसऱ्याच्या घरून मागून आणायची. आणि सोडताना कुणी बोलायचं नाही. कांदा खाणारा देव कोणता, हे अप्पांनी एकदा लातूरच्या एका स्वामींना विचारलंही होतं. असा देव पोथीत नाही, पण असला तर उपाशी कशाला ठेवता, असं स्वामी म्हणाले.

साक्षीदारासाठी अप्पा गुरुजींकडं गेले. गुरुजी शांतपणे म्हणाले की त्या काळातलं गावात एकच माणूस जिवंत आहे, माझी आत्या. ती तुमच्या घरची नाही, त्यामुळं चालेल. हे म्हणताना ते वहीत बघत होते, अप्पांकडं नाही. अप्पांनी तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

पंचफुलामाय विहाराजवळच्या लिंबाखाली बसलेली असे. वय अठ्ठ्याऐंशी, दात नाहीत, कान ठणठणीत. अप्पांनी अर्धा किलो पेढे पुढं ठेवले आणि आपणच सगळी हकिगत सांगितली: पोलीस अॅक्शनच्या दिवसांत रझाकार गावात शिरले, तेव्हा अमरनाथ अप्पा चावडीवर झेंडा लावून चार दिवस बंदूक घेऊन तिथं उभे होते. तिनं फक्त हो म्हणायचं होतं.

पंचफुलामायनं पेढा सावकाश विरघळू दिला.

"चावडीवर? चारी दिस?"

"हाव, माय."

"मंग आमच्या भाकरी कुनी खाल्ल्या?"

आणि तिनं सांगायला सुरुवात केली. रझाकार दुकानाच्या ओट्यावर ठाण मांडून बसले होते. अमरनाथ अप्पा काखेत तागडी धरून परसातल्या रिकाम्या पेवात उतरला होता, म्हणजे जीवही वाचेल आणि तागडीही. उमादेवीच्या चुलीवर त्यांची नजर, तिला घास हलवता येईना. पंचफुलेची आई गवळणबाई रोज शेण न्यायला परसात जायची. शेणाची पाटी घेतलेल्या बाईकडं कोण बघतं? पाटीत कडब्याखाली दोन भाकरी, कांदा, ठेचा. तेरा वर्षांची पंचफुला कुंपणाशी पहाऱ्याला. आई दोरीनं गाठोडं खाली सोडायची.

"पैल्या दिशी खालून इचारलं त्यानं, भाकर कुनाची हाय. आई म्हनली, ज्वारीची." पंचफुलामाय हसली. "फिरून न्हाई इचारलं. दुसऱ्या दिशी कांदा जास्तीचा मागितला."

दिवसाला दोन, असे चार दिवस. अप्पांचा हिशेब कधी चुकला नव्हता, तो आताही चुकला नाही. आठ.

चाळीस वर्षं आपण ज्याला हात जोडत आलो तो देव तागडी घेऊन बसला होता तर.

"मंग रझाकार गेले, दुकान उघडलं," पंचफुलामाय म्हणाली. "आई मिठाला गेली. तुझ्या आज्यानं मीठ वरून टाकलं पदरात, हात न लागता, पैल्यासारकंच. आई घरी येऊन म्हनली, आपन भाकर वरून सोडली, त्यानं मीठ वरून सोडलं. फिटलं."

अप्पांनी तरीही एकदा घासाघीस केली. पेव वगळून सांगता येणार नाही का?

"सांगते की चावडी. मंग माझी माय चार दिस कुनाला जेवू घालून आली? वाऱ्याला?"

गुरुजींकडं परत आले तेव्हा अप्पांचा आवाज चढलेला होता. हे तुम्हाला आधीच ठाऊक होतं, असं ते म्हणाले. गुरुजींनी नाकारलं नाही. गवळणबाई त्यांची आजी. तिचंही नाव यादीत नव्हतं, कारण घरचा साक्षीदार चालत नाही. "मीच नियम काढला, मीच अडकलो," गुरुजी म्हणाले. "पण दरसाल आठ भाकरी पेवात सोडणारं एक घर गावात आहे, अप्पा. ते माझ्या घरचं नाही. साक्षीदार म्हणून तुम्ही सही केली तर दोन्ही नावं लागतील, नाही तर एकही नाही. आणि नावापुढं काम लिहिणार."

दोन दिवस अप्पांनी दुकानात कुणाशी नीट भाव केला नाही. बायकोनं, शिवकांतानं, सगळं ऐकून घेतलं आणि तवा घासता घासता म्हणाली, "चाळीस वर्षं लोकांच्या दारात भाकरी मागायला मी जाते. कुणासाठी, ते तरी गावाला कळू द्या."

अप्पा परसात गेले. पेवाच्या तोंडावरच्या फरशीला कुंकू होतं, गेल्या साली नातवानं छोटी घंटाही टांगली होती. आणखी दोन पिढ्यांनी इथं कळस चढेल, वर्गणी निघेल, आणि आत बसलेला भेदरलेला माणूस कुणालाच दिसणार नाही. ज्या बाईनं त्याला जगवलं ती तर आताच दिसत नव्हती. आजीला तोंडानं सांगता आलं नाही, म्हणून ती बिचारी आयुष्यभर दोरीनं सांगत राहिली. आणि आपण घंटा बांधली.

त्यांनी जाऊन सही केली. मात्र 'भिऊन' हा शब्द गुरुजींकडून खोडून घेतला.

सतरा सप्टेंबरला झेंडावंदन झालं, शिळेवरचा पडदा निघाला. पाचव्या ओळीत होतं: गवळणबाई लिंबाजी, चार दिवस पेवात भाकरी पोचवली. सहाव्या ओळीत: अमरनाथ अप्पा, ती खाल्ली.

लोक हसले. पंचफुलामायला पुढच्या खुर्चीवर बसवलं होतं. तिला वाचता येत नव्हतं, म्हणून ती उठून आईच्या नावावर बोट फिरवत राहिली. जिलेबीची पहिली ताटली अप्पांनी स्वतः नेली, आणि खाली न ठेवता तिच्या हातात दिली. तिनं हाताकडं बघितलं, मग जिलेबीकडं, आणि घेतली.

भीमाशंकर शिळेपुढं उभे होते. त्यांनी सहावी ओळ तीनदा वाचली. आता पुढची सोळा वर्षं हीच ओळ ऐकावी लागणार म्हणून अप्पांनी मान खाली घातली. पण व्याह्यांनी फलकाचा विषयच काढला नाही. ते अप्पांच्या कानाशी आले.

"अप्पा, आमच्या घरी दर भाद्रपदात कडब्याच्या गंजीपाशी तांब्याभर पाणी आन घोंगडं ठेवत्यात. वडलांच्या वेळेपासून हाय. का, ते कुनाला ठावं न्हाई."

पंचफुलामायचे कान ठणठणीत होते.

"इचारून बघा की," जिलेबी चघळत ती म्हणाली. "तिकडं बी कुनी म्हातारी जित्ती असंल."