गादीतला खळगा

मी घड्याळजींची खुर्ची बोलतेय. सिनेमात काम केलं म्हणून शेफारले आहे, असं समजू नका. त्या सिनेमात मला काही करायचंच नव्हतं, आणि ते मला जन्मापासून छान जमतं.

सुताराने मला सागाची घडवली, वर कापसाची गादी दिली. घड्याळजींनी तीस वर्षं खिडकीशी माझ्यावर बसून लोकांची घड्याळं दुरुस्त केली. गादीला त्यांच्या बैठकीचा खळगा पडला. गेल्या वर्षी ते वारले, खळगा मात्र राहिला. त्यांची बायको माझ्यावर कधीच बसली नाही. "ती यांची जागा," म्हणायची.

त्यांची लेक सिनेमे करते, ज्यांत काही म्हणजे काही घडत नाही असे. सिनेमा काढायचा त्याच्या दुसऱ्याच दिवशी ते घर सोडून आई तिच्याकडे राहायला जाणार होती. लेकीकडे अकरा मिनिटांचं एकच रीळ उरलं होतं. तिला त्यात हवी होती बाबांची खोली, दुपारचं ऊन आणि रिकामी मी.

"बाबा आत्ताच उठून गेलेत असं वाटलं पाहिजे," ती आईला म्हणाली होती.

घरात कॅमेरा येणार म्हणून आईने कंबर कसली. सकाळीच पडदा धुतला, मला पुसून लखलखीत केलं आणि गादी गच्चीवर नेऊन काठीने चांगली धोपटली.

लेकीने आल्या आल्या फुगलेली गादी बघितली. "आई, बाबांचा खळगा!"

"अगं, चारचौघं बघतील म्हणून..." आईचा चेहरा उतरला. मलाच माझ्या चकचकीतपणाची लाज वाटली.

ऊन सरकत होतं. आईने डोळे पुसले आणि ती आयुष्यात पहिल्यांदा माझ्यावर बसली.

"बसूनच पडला होता ना? मी पाडते."

"तीस वर्षांचा होता गं तो."

"मग जरा जड बसते."

लेक रडता रडता हसली आणि तिने गुपचूप कॅमेरा सुरू केला. आई खिडकीबाहेर बघत राहिली. ऊन तिच्या गुडघ्यांवरून जमिनीवर उतरलं. दहाव्या मिनिटाला ती उठली, "पडला का बघ," म्हणाली आणि बाजूला झाली. शेवटचं मिनिट मी एकटी होते. गादी हळूहळू वर येत होती. तिला तशीच धरून ठेवायला मी खूप धडपडले, पण नाही जमलं.

आता मी लेकीच्या घरी खिडकीशी असते. आई रोज दुपारी माझ्यावर येऊन बसते, काही न करता. तुम्ही आलात तर तुम्हीही खुशाल बसा. फक्त उठताना गादी झटकू नका. खळगा अजून अर्धाच पडलाय.